वडिलोपार्जित जमिनीचं खरेदीखत : आमचा अनुभव

अंबाजोगाई तालुक्यातली आमची जिरायत जमीन अखेर विकली. कसणारं कुणी उरलं नव्हतं. आधी वडील गेले, मग भाऊ. वहिनी मुलाच्या शाळेसाठी लातूरला, आम्ही दोघी बहिणी सासरी. गिऱ्हाईक भावकीतलंच होतं, भावही ठरला होता. तरी रजिस्ट्रीपर्यंत पोचायला वर्ष उलटलं.

सातबाऱ्यावर वडिलांचंच नाव होतं, म्हणून पहिलं काम वारस नोंदीचं. मृत्यू दाखला, वारसांचं शपथपत्र जोडून ई-हक्क या सरकारी संकेतस्थळावर अर्ज करता येतो. तलाठी नोंद धरतात, १५ दिवसांची नोटीस निघते, हरकत आली नाही तर मंडळ अधिकारी फेरफार, म्हणजे नावबदलाची नोंद, मंजूर करतात. आमच्याकडे हे दोनदा झालं, वडिलांचं आणि भावाचं. भावाच्या हिश्शाला बायको-मुलाबरोबर आईही वारस लागते, हे पुष्कळांना माहीत नसतं.

गावातल्या जाणत्यांनी सुचवलं, बहिणींचं हक्कसोडपत्र करून घ्या, सह्या कमी लागतील. आईनं साफ नकार दिला. २००५ च्या दुरुस्तीनं वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलासारखाच जन्मतः हक्क आहे, आणि त्यासाठी वडील २००५ मध्ये हयात असण्याची अट नाही हे सर्वोच्च न्यायालयानं २०२० मध्ये सांगितलंय. बहिणीला मनापासून हिस्सा नको असेल तर गोष्ट वेगळी. पण कागद सोपा व्हावा म्हणून तिचा हक्क काढून घेणं मला अजिबात मान्य नाही. दस्तात आम्ही दोघी लिहून देणार म्हणून आलो.

सगळ्यात जास्त वेळ गेला तो भाच्याच्या, म्हणजे भावाच्या मुलाच्या, हिश्शापायी. तो अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांखालचा, म्हणून सातबाऱ्यावर त्याच्या नावापुढे ‘अ.पा.क.’ (अज्ञान पालनकर्ता) आणि त्याच्या आईचं नाव. पालक म्हणून वहिनीची सही पुरेल असं सांगणारे खूप भेटले. पण वारसानं मुलाकडे आलेली जमीन विकायची तर हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियम, १९५६ च्या कलम ८ प्रमाणे कोर्टाची परवानगी लागते. ती नसेल तर सज्ञान झाल्यावर मुलगा व्यवहार रद्द करून मागू शकतो. खरेदीदारानंही हाच आग्रह धरला, आणि त्याचं बरोबर होतं. जिल्हा न्यायालयात अर्ज केला. विक्रीत मुलाचं हित काय, हे तिथं पटवून द्यावं लागतं. जमीन पडीक आहे, भाव रेडीरेकनरच्या सरकारी दरापेक्षा कमी नाही, शिक्षणाचा खर्च आहे, सगळ्याचे कागद दिले. त्याच्या हिश्शाची रक्कम सज्ञान होईपर्यंत त्याच्याच नावे बँकेत मुदत ठेव ठेवायची, असा आदेश झाला. “आता या पैशाला कुणी हात लावायचं नाही,” वहिनी म्हणाली. माझ्याही जिवाला तेव्हा स्वस्थ वाटलं.

दरम्यान वकिलांनी जुने फेरफार आणि १९५४-५५ चं खासरा पत्रक (तेव्हाची जमिनीची नोंद) काढायला लावलं. मराठवाड्यात हे बघायलाच हवं. जमीन मूळची इनामाची किंवा कुळाची निघाली तर भोगवटादार वर्ग २ चा, म्हणजे विक्रीवर सरकारी बंधन असलेल्या जमिनीचा प्रश्न येतो, मग नजराणा (सरकारला भरायची रक्कम) नाहीतर परवानगी. आमची वर्ग १, म्हणजे असं बंधन नसलेली निघाली. सोसायटीचं कर्ज वडिलांनीच फेडलं होतं, पण सातबाऱ्यावर त्याचा बोजा तसाच होता. कर्ज फिटल्याचं बेबाकी प्रमाणपत्र देऊन तो कमी करून घेतला.

रजिस्ट्रीचा दिवस त्यामानानं सोपा गेला. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी ऑनलाइन चलनानं भरली. फी १ टक्का, जास्तीत जास्त ३०,००० रुपये. सगळ्यांचे आधार, पॅन, दोन ओळखदार, कोर्टाच्या आदेशाची प्रमाणित प्रत आणि खरेदीदार शेतकरी असल्याचा पुरावा म्हणून त्याचा सातबारा. आई अंथरुणाला खिळलेली, तिला उचलून नेण्याची गरज पडली नाही. अशा माणसासाठी जादा फी भरून गृहभेट मागता येते. दुय्यम निबंधक घरी आले, दस्त तिला वाचून दाखवला, कबूल आहे का विचारलं आणि मग अंगठा घेतला.

नंतर खरेदीदाराच्या नावाचा फेरफार नोटिशीची मुदत संपल्यावर मंजूर झाला. कोर्टाचा आदेश, सूची २ (नोंदलेल्या दस्ताचा उतारा) आणि मुदत ठेवीची पावती वहिनीकडे ठेवली आहे, झेरॉक्स माझ्याकडे.