आमची वाटचाल : फायटरच्या जोडीपासून अळ्यांच्या टबांपर्यंत

खरं सांगू का, माशांना खायला अळ्या विकायचा धंदा वगैरे काही डोक्यात नव्हतं. माझ्याकडं फायटर माशांची एक जोडी होती, नर रोज फेसाचं घरटं बांधायचा आणि मादी ढिम्म. दुकानातल्या दाण्यावर वाढलेली, पोट काही भरतच नव्हतं अंड्यांनी. एका जुन्या हौशी माणसानं सांगितलं, "दाणे बंद कर, आठ दिवस डासाच्या अळ्या घाल, मग बघ." घरामागं एक विसरलेली बादली होती, त्यात अळ्या वळवळत होत्याच. गाळणीनं गाळल्या, दोन वेळा साध्या पाण्यात धुतल्या आणि चमच्यानं पाच-सहा सोडल्या. मादी आधी नुसती बघत बसली, अळीनं एक झटका मारला आणि त्याच क्षणाला मादीनं तिला उचललं. दाणा कधी असा झटका मारतो का? तिथंच मला कळलं की माशाला नुसतं खाणं नको असतं, पळणारं खाणं पाहिजे असतं. नवव्या दिवशी घरट्यात अंडी होती.

मग काय, मित्रांनी मागायला सुरुवात केली. एका बादलीच्या चार झाल्या, चाराचे नऊ टब झाले. क्युलेक्स जातीच्या डासाची मादी पाण्यावर अंड्यांचा तराफा घालते, काळपट, साधारण तांदळाच्या दाण्याएवढा, आणि एका तराफ्यात शंभर ते तीनशे अंडी असतात. दीड-दोन दिवसांत अळ्या बाहेर, त्या चार वेळा कात टाकतात, मग कोष होतो. उबदार हवेत हे सगळं आठ-दहा दिवसांत उरकतं. कोष स्वल्पविरामासारखा दिसतो, काही खात नाही, नुसता गडगडत खालीवर करतो, आणि दोनेक दिवसांत त्यातून डास उडतो. म्हणजे तुमच्या हातात मोजून एक आठवडा. कोष दिसायला लागले की टब त्याच दिवशी रिकामा झालाच पाहिजे.

आम्ही एका लग्नाला गेलो आणि दोन दिवस जास्त राहिलो. एवढंच झालं. परत आलो तर शेजारच्या काकू दारातच उभ्या, "अरे, तू मासे पाळतोस का डास?" उत्तर काय देणार, त्यांच्या हातावर गांधी होत्या. बायको म्हणाली, "अहो, आजच्या आज हे सगळं उपडं करा." केलं. चूक आमचीच होती आणि डासांच्या बाबतीत ही चूक गंमतीवारी नेण्यासारखी नाही, त्यांच्यातून रोग पसरतात. तेव्हापासूनची पद्धत अशी की उघड्या टबातून रोज सकाळी फक्त तराफे चमच्यानं उचलायचे आणि बारीक जाळी ताणून बांधलेल्या टबात सोडायचे, उघड्या टबाचं पाणी तिसऱ्या दिवशी जमिनीवर ओतून टाकायचं, आणि अळ्या मोठ्या झाल्या की सरळ फ्रीझरमध्ये. जिवंत डासअळी आम्ही विकतच नाही. कितीही गयावया करा, नाही म्हणजे नाही, कारण तुम्ही पण लग्नाला जाणार.

अजून एक धडा त्याच काळातला. मागणी पुरेना म्हणून मी तळ्यावरून जाळं मारून अळ्या आणायला लागलो होतो. फुकटचा माल, खूश होतो. त्यातलं थोडं माझ्याच पिल्लांच्या टँकमध्ये गेलं आणि रोज पिल्लं कमी व्हायला लागली, मेलेलं एकही सापडेना. चाळीसची अकरा झाली तेव्हा रात्री टॉर्च घेऊन बसलो. झाडाच्या मुळाशी एक मातकट किडा चिकटून बसलेला, पिल्लू समोरून गेलं आणि त्याच्या तोंडाखालून घडी घातलेल्या हातासारखं काहीतरी फटकन बाहेर आलं, पिल्लू गायब. चतुराची अळी होती ती, तिचा खालचा ओठ तसाच असतो, लांब होऊन भक्ष्य पकडणारा. तळ्याच्या मालात असलं कोण कोण येतं, पाणभुंग्याच्या अळ्या, जळवा, हायड्रा. तळ्यावर जाणं त्या रात्री संपलं.

मग आलो लाल अळीवर, म्हणजे ब्लडवर्म. आधी एक गैरसमज काढतो, ट्युबिफेक्स पण लाल आणि वळवळतं म्हणून लोक दोन्ही एकच धरतात. ट्युबिफेक्स हा गांडुळाच्या नात्यातला, तो कायम किडाच राहणार. ब्लडवर्म ही न चावणाऱ्या एका चिलटाची अळी, कायरोनोमस. लाल दिसते कारण तिच्या अंगात आपल्यासारखंच हिमोग्लोबिन असतं, चिखलात ऑक्सिजन कमी असतो तिथं तिला त्याचा उपयोग. अंडी चिकट जेलीच्या दोरीत येतात, टबाच्या कडेला लटकलेली, सुरुवातीच्या अळ्या तर फिकट असतात, दिसतही नाहीत. नंतर लाल होतात आणि चिखलाची नळी करून आत राहतात. आमची पहिली बॅच मी "काही झालंच नाही" म्हणून फेकून दिली होती हो! धुताना चिखलातून लाल दोरे निघायला लागले तेव्हा कपाळावर हात मारून घेतला.

वेगळ्या करायची युक्ती मेव्हण्यानं शोधली. चिखल जाळीवर पसरायचा, जाळी स्वच्छ पाण्याला टेकेल अशी ठेवायची, अळ्या आपल्या आपण खाली उतरतात आणि घाण वर राहते. मग फ्रीजमध्ये, उथळ ट्रेमध्ये, ओल्या कागदावर पातळ थर. ढीग केला की खालच्या गुदमरतात, आणि एक मेली की वास बाकीच्यांना घेऊन जातो. रोज धुवायचं, फिकट पडलेल्या चिमट्यानं उचलायच्या. हे काम कोणालाच आवडत नाही, अर्धा तास मान खाली, आणि एक दिवस टाळलं तर दुसऱ्या दिवशी अख्खा ट्रे जातो.

मेव्हण्याचा विषय निघालाच आहे तर सांगतो. आम्ही मध्ये सुकवलेलं ब्लडवर्म पण भरून विकायचो. पॅकिंगला तो बसायचा. आधी शिंका, मग डोळे लाल, एके दिवशी पापण्या एवढ्या सुजल्या की त्याला समोरचं दिसेना. आम्हाला वाटलं धूळ असेल. डॉक्टरांनी काय हाताळता विचारलं तेव्हा उलगडा झाला, अळीच्या त्या हिमोग्लोबिनचीच अ‍ॅलर्जी. सुक्या मालाची पावडर उडते आणि नाकाडोळ्यांत जाते. आता सुका माल बंद, ओल्या मालालाही ग्लोव्हज, आणि मेव्हणा हिशेब बघतो. प्रत्येक पाकिटावर लिहितो की नुसत्या हातानं घालू नका, त्यावर काही कस्टमर हसतात, हसू देत.

पार्सलची रडगाणी सांगत नाही, सगळ्यांची सारखीच असतात. एवढंच की उन्हाळ्यात एक पेटी दोन दिवस कुठंतरी उन्हात पडून होती, कस्टमरनं उघडली ती अंगणात आणि फोन केला तो नाक धरून. सगळे पैसे परत दिले. आता माल सोमवार ते बुधवारच निघतो, म्हणजे सुट्टीत अडकत नाही.

ब्लॅक सोल्जर फ्लाय नावाची माशी, आम्ही नुसतं बीएसएफ म्हणतो, ही खरी वळणाची गोष्ट. ऑस्कर, फ्लॉवरहॉर्न असले मोठे मासे पाळणारे म्हणायचे की तुमच्या लाल अळीनं याच्या दाताला पण काही लागत नाही. बीएसएफची अळी जाडजूड, वाळवून मोजली तर साधारण चाळीस टक्के प्रोटीन, कॅल्शियमही भरपूर. पण चरबी पण तेवढीच दणकट, म्हणून रोजचं खाणं नाही, आठवड्यातून दोनदा पुरे. सुरुवातीला माश्या बंद खोलीत ट्यूबलाइटखाली ठेवल्या. माश्या छान, निरोगी, आठवडाभर जगल्या आणि मेल्या, कामाचं एक अंडं नाही. मग कळलं की त्यांना जोडी जमवायला ऊन लागतं. जाळीचा पिंजरा उन्हात नेला, आत पन्हळी पुठ्ठ्याचे तुकडे बांधले, आणि तिसऱ्या दिवशी पुठ्ठ्याच्या भोकांत पिवळसर अंड्यांचे पुंजके. मी ते पुठ्ठे घरभर दाखवत फिरलो, कोणी फारसं कौतुक केलं नाही.

इथंही वेळेचंच. कोवळी अळी पांढरट आणि मऊ असते, तेव्हाच ती माशाच्या कामाची. पुढं कातडी कडक होते, रंग काळपट पडतो, खाणं बंद होतं आणि तोंडाचा आकडा होऊन त्या आकड्यावर ती कोरडी जागा शोधत चढायला लागते. आम्हाला हे वाचून माहीत होतं, पण ट्रेची भिंत किती चढतील याचा अंदाज नव्हता. सकाळी जिन्यावर, पायपुसण्याखाली, बायकोच्या चपलेत. तिनं चप्पल तशीच उचलून माझ्या टेबलावर ठेवली, बोलली काहीच नाही. आता ट्रेला तिरकी पट्टी लावलीय, चढणाऱ्या अळ्या आपणहून डब्यात पडतात, आणि त्यातूनच पुढच्या माश्या तयार करतो.

एक तक्रार मात्र अजून टोचते. एकानं मलावी सरोवरातल्या एम्बुना माशांना आमची लाल अळी महिनाभर रोज घातली. हे मासे दगडावरचं शेवाळ खरवडून खाणारे, आतडं लांबलचक, त्यांना असलं खाणं रोज झेपत नाही. पोटं फुगली, चार मासे गेले. त्यानं मला दोष दिला नाही, पण मी विकताना विचारलं नव्हतं हे खरं. आता ऑर्डर घेताना पहिला प्रश्न हाच, मासा कोणता, केवढा. एम्बुना किंवा तसाच शेवाळ खाणारा ट्रोफियस म्हणालं की आम्ही ऑर्डर घेत नाही. मेव्हणा हिशेबाची वही बघून सुस्कारे सोडतो. बाकीच्यांना सांगतो की दोन-तीन मिनिटांत संपेल एवढंच, तळाशी एक अळी जरी उरली तरी पुढच्या वेळी कमी घाला.

सध्या काचअळीची चाचणी चालू आहे, काओबोरस. अंग इतकं पारदर्शक की पांढऱ्या ट्रेमध्ये दिसतच नाही, काळ्या कागदावर ठेवली की दोन्ही टोकांना हवेच्या चकचकीत पिशव्या तेवढ्या दिसतात. थंडीत फ्रीजमध्ये मस्त टिकते, मोठे टेट्रा मासे तिच्यावर तुटून पडतात. भानगड एकच, ही स्वतः शिकारी आहे, अगदी बारीक पिल्लं असतील तर तीच त्यांना खाते. चतुराचा अनुभव असल्यामुळं मी आधी आमच्याच पिल्लांच्या एका छोट्या टँकमध्ये पाच सोडून बघितल्या, सकाळी पिल्लं मोजली, दोन कमी. आज पिल्लं एका आठवड्यानं मोठी आहेत, परत पाच सोडल्यात. उद्या मोजतो, मग पाकिटावर काय लिहायचं ते ठरवू.