उशीचा आकार नंतर, आधी खांद्याचं माप

ठाण्यात किंवा नवी मुंबईत गादीच्या दुकानात गेलं की दोन्ही कडांना उंचवटे आणि मधे खळगा असलेली उशी हल्ली हमखास दिसते. कुणी तिला कंटूर उशी म्हणतं, कुणी सर्व्हायकल उशी. मान आखडली की लोक ती घेऊन येतात, चार रात्री वापरतात, दुखणं वाढलं की कपाटावर टाकतात. बहुतेक वेळा दोष उशीचा नसतो. तिची उंची चुकलेली असते, नाहीतर ती चुकीची लावलेली असते.

मानेच्या सात मणक्यांना पुढच्या बाजूला हलका बाक असतो. उताणं झोपल्यावर या बाकामुळे मान आणि गादी यांच्यामध्ये पोकळी राहते. साधी उशी डोकं उचलते, पण मान अधांतरीच राहते. कंटूर उशीचा उंचवटा ही पोकळी भरतो आणि डोकं मधल्या खळग्यात टेकतं. म्हणजे उंचवटा मानेखाली हवा, डोक्याखाली नाही. खांदे पूर्ण गादीवर आणि उशीची कड खांद्यांना लागलेली. खांदा उशीवर चढला की मान पुढे ढकलली जाते आणि हनुवटी छातीकडे झुकते. दिवसभर लोकलमध्ये आणि ऑफिसात मान खाली घालून फोन बघणाऱ्यांची मान रात्रीही त्याच अवस्थेत ठेवायची, तर उशीवर पैसे खर्च करायची काहीच गरज नाही!

आता माप. कुशीवर झोपणाऱ्यांनी भिंतीला एका खांद्याने टेकून सरळ उभं राहावं, नजर समोर, आणि दुसऱ्या कुणाकडून भिंतीपासून त्याच बाजूच्या कानापर्यंतचं अंतर टेपने मोजून घ्यावं. समजा ते १३ सेंमी आलं. गादी काथ्याची किंवा कडक असेल, तर खांदा फारसा बुडत नाही आणि डोक्याखाली जवळपास तेवढाच आधार लागतो. गादी मऊ फोमची असेल आणि खांदा ३ सेंमी आत जात असेल, तर १० सेंमी पुरतात. इथे एक गोष्ट हटकून विसरली जाते: पाकिटावरची उंची मोकळ्या उशीची असते. डोक्याच्या वजनाने मेमरी फोम (दाबाने हळूहळू दबणारा आणि हळूहळू वर येणारा फोम) २-३ सेंमी सहज दबतो, म्हणून तेवढं गृहीत धरूनच निवड करावी. पाकिटावर सहसा उंचवट्याची उंची लिहिलेली असते, खळगा त्याहून बुटका असतो. कुशीवर झोपताना कान त्या खळग्यात टेकतो, त्यामुळे दुकानात टेप घेऊन खळगाही मोजावा. उताणं झोपणाऱ्यांना आधार कमी लागतो. त्यांच्यासाठी उशीच्या दोन कडांपैकी बुटकी कड मानेकडे घ्यावी. ती साधारण ७ ते ९ सेंमी असते, उंच कड १० ते १२. जाड कड जास्त आधार देईल असं वाटून लोक उताणं झोपतानाही तीच लावतात, आणि सकाळी मान धरते.

जे पालथे झोपतात त्यांनी ही उशी घेऊ नये. मान आधीच एका बाजूला वळलेली असते, त्यात उंचवटा आणखी पीळ देतो.

उशी विकत घेण्याआधी घरच्या घरी अंदाज येतो. अंघोळीचा टॉवेल लांबीत दुमडून ८ सेंमी जाडीची सुरळी करा, दोन रबरबँड लावा आणि आपल्या नेहमीच्या पातळ उशीच्या अभ्र्यात, मानेकडच्या कडेला सरकवा. तीन-चार रात्री झोपून बघा. मान मोकळी वाटली तर कंटूर उशी उपयोगी पडण्याची शक्यता आहे. घट्ट वाटलं तर सुरळी ६ सेंमीची करा.

घरच्यांना पाठीमागून फोनवर एक फोटो काढायला सांगा. कुशीवर असताना डोक्याचा मध्य आणि पाठीचा कणा एका रेषेत दिसला पाहिजे. डोकं गादीकडे झुकलं तर उशी बुटकी, छताकडे वर गेलं तर उंच. उताणं असताना बाजूने फोटो घ्या. कपाळ आणि हनुवटी साधारण एका पातळीत हवीत.

मेमरी फोम १९६६ मध्ये नासाच्या कामासाठी चार्ल्स योस्ट यांनी विमानाच्या आसनांकरता तयार केला. तो तापमानानुसार बदलतो: थंडीत कडक, उष्णतेत मऊ. म्हणून एसी असलेल्या दुकानात कडक वाटलेली उशी मे महिन्यात ठाण्याच्या बिनएसी खोलीत जास्त दबते. लॅटेक्सवर, म्हणजे रबराच्या फोमवर, तापमानाचा असा परिणाम कमी होतो आणि तो पटकन उसळतो, पण जड आणि महाग असतो. खाली काढता येण्याजोगा २ सेंमीचा फोमचा थर असलेली उशी मिळाली तर तीच घ्या. माप थोडं चुकलं तरी सावरता येतं.

अभ्र्याकडेही बघायला हवं. नेहमीचा सुती अभ्रा घट्ट ओढून घातला तर कापड दोन उंचवट्यांवर ताणलं जातं, खळगा झाकला जातो आणि सगळा आकार वाया जातो. किंचित ताणणारा, त्याच उशीच्या मापाचा अभ्रा घ्यावा. आतून चेनवालं संरक्षक कव्हरही हवं, कारण डोक्याचं खोबरेल तेल फोममध्ये मुरलं की वास जात नाही. फोम कधीही भिजवू नये. पावसाळ्यात तो आठवडाभर वाळत नाही, आत बुरशी धरते. कव्हर धुवा, उशी पंख्याखाली उभी ठेवा. कडक उन्हात नको, फोम पिवळा पडून ठिसूळ होतो.

नवी उशी उघडल्यावर वास येतो, दोन-तीन दिवस खिडकीशी ठेवली की जातो. सुरुवातीला रात्रीचे एक-दोन तासच वापरा आणि वेळ हळूहळू वाढवा, दोन आठवडे द्या. थोडं अवघडणं चालेल, पण हाताला मुंग्या, बोटं बधिर होणं, पकड सैल पडणं, हातात उतरणारी कळ किंवा चालताना तोल जाणं असेल तर उशीचे प्रयोग थांबवून हाडांच्या डॉक्टरांना दाखवा. पडल्यानंतर किंवा अपघातानंतर मान दुखत असेल तर सरळ डॉक्टरांकडेच जा.

पहिल्या दिवशी दोन्ही कडांची आणि खळग्याची उंची मोजून लेबलवर पेनाने लिहून ठेवा. दर सहा महिन्यांनी मोजा. कुठेही १ सेंमीपेक्षा जास्त घट आली, किंवा अंगठ्याने दाबलेला फोम परत वर येईनासा झाला, की ती उशी बदलायची.