खोट्या क्रूसासमोर हात जोडले त्याची गोष्ट

मी ३४ वर्षं बँकेत काढली, त्यातली निम्मी कॅशच्या काउंटरवर. खोटी नोट मी डोळ्यांनी नाही, बोटांनी ओळखायची. गड्डी मोजताना अंगठा मधेच अडखळला की समजायचं, आत काहीतरी आहे. हे आधीच सांगून ठेवते, म्हणजे पुढचं वाचताना तुम्हाला माझी थोडी कीव येईल.

लेक-जावई आयर्लंडमध्ये, डब्लिनला असतात. जूनमध्ये पाच आठवडे त्यांच्याकडे होते. सगळे बघतात ते सगळं बघून झालं. क्लिफ्स ऑफ मोहरला कड्यांपेक्षा माणसंच जास्त दिसली आणि वाऱ्याने माझी ओढणी एका जर्मन गृहस्थांच्या तोंडावर नेऊन टाकली. त्याहून जास्त काही आठवत नाही. मला बघायचे होते क्रूस.

माझं बालपण वसईचं. तिथे वाडीच्या तोंडाशी, विहिरीपाशी, वळणावर क्रूस असतात, चुना फासलेले, मे महिन्यात फुलांच्या माळा घातलेले. शाळेत जाताना वर्गातल्या मैत्रिणी कपाळाला-छातीला बोटं लावायच्या, मी आपली नमस्कार करायचे. हा देव कुणाचा, असं विचारायचं आम्हाला कुणी शिकवलंच नव्हतं. लेकीच्या स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर जून महिन्याला एक दगडी क्रूस होता. दांडा आणि आडव्या भुजा जिथे मिळतात तिथे दगडाचंच मोठं कडं, आणि अंगभर माणसं कोरलेली, एकावर एक, चौकटी-चौकटींतून. आमच्या वसईच्या क्रूसांवर इतकी गर्दी नसते. म्हटलं, हे बघायचं.

जावई म्हणाले, "आई, असे क्रॉस इथे गावोगावी आहेत. कुठला बघायचाय?"

पहिल्यांदा ग्लेंडालोकला गेलो. तिथला सेंट केविनचा क्रूस ग्रॅनाइटचा, अगदी साधा. कड्यातली भोकं कोरायची राहूनच गेलेली. त्याला मिठी मारून बोटं एकमेकांना टेकली तर इच्छा पूर्ण होते म्हणतात. माझी टेकली नाहीत. जावयांची टेकली, पण त्यांनी काय मागितलं ते सांगितलं नाही.

दुसऱ्या शनिवारी क्लॉनमॅकनॉइज. शॅनन नदीच्या काठी, सहाव्या शतकात सेंट किअरन यांनी वसवलेला मठ. आता पडकी देवळं, दोन गोल मनोरे आणि चोहीकडे थडगी. आम्ही पोचलो तेव्हा दोन बसगाड्या नुकत्याच रिकाम्या झाल्या होत्या आणि आतल्या दालनात उभं राहायला जागा नव्हती. पाऊसही जरा उघडला होता. म्हटलं आत नंतर बघू, आणि मी तडक बाहेर पडून नदीच्या दिशेने निघाले. पाट्या वाचायची सवय नाही. बँकेत आम्हीच पाट्या लावायचो, लोक वाचायचे नाहीत म्हणून वैतागायचो, आणि आता मीही त्या लोकांतलीच झाले आहे.

समोर 'क्रॉस ऑफ द स्क्रिप्चर्स' उभा होता. जवळजवळ चार मीटर उंच. मागे हिरवं गवत, त्यामागे राखाडी नदी. गर्दी अजून आतच होती, त्यामुळे तो क्रूस आणि मी, दोघंच. खालच्या चौकटीत येशूच्या थडग्यावरचे पहारेकरी भाल्यांवर डोकी टेकून झोपलेले, आणि थडग्यात एक पाखरू त्याच्या ओठांत चोच घालून श्वास फुंकतंय. ते पाखरू बघून काय झालं कोण जाणे, मला माझी आई आठवली. शेवटच्या दिवसांत मी तिच्या तोंडात चमच्याने पाणी घालायचे. मी हात जोडले. चांगली दहा मिनिटं उभी होते. निघताना दगडावरून हात फिरवला. बोटांना काही खटकलं नाही.

मग आत गेलो. अंधारलेलं दालन, वरून दिव्यांचा झोत, आणि मधोमध तोच क्रूस. मी जावयांना म्हटलं, "बघा, प्रतिकृतीसुद्धा किती हुबेहूब केली आहे."

ते जरा थांबले. "आई, ही प्रतिकृती नाही. बाहेर होती ती."

पावसा-वाऱ्याने झिजू नयेत म्हणून इथले मूळ क्रूस १९९० च्या दशकात आत आणले आणि बाहेर त्यांच्या जागी प्रतिकृती उभ्या केल्या. पाटीवर स्पष्ट लिहिलं होतं. चूक सर्वस्वी माझी. पण राग यायचा तो आलाच, आणि तो फसवलं गेल्याचा नव्हता. खऱ्या क्रूसासमोर उभी राहिले तर काहीच होईना, राग त्याचा. तीच चौकट, तेच पाखरू, तेच ओठ. अकराशे वर्षांपूर्वी कुणीतरी हातोडी-छिन्नीने घडवलेला हाच. यावरच्या अक्षरांत राजा फ्लॅन आणि मठाधिपती कोलमन यांच्यासाठी प्रार्थना मागितली आहे, तीही हीच. आणि माझ्या मनात काय, तर इथली फरशी किती स्वच्छ आहे. पुन्हा हात जोडून पाहिले. मागे शाळेच्या सहलीतला एक मुलगा शेंगदाण्याची पुडी फोडत होता. जमलं नाही.

गाडीत मी गप्प होते. घरी लेक म्हणाली, "अगं आई, तुला जे वाटलं ते तर खरं होतं ना?" असली वाक्यं हल्ली फार ऐकायला मिळतात. मला त्याने बरं वाटत नाही. खोट्या नोटेवर मी खरी सही करून आले होते, एवढंच मला दिसत होतं.

पुढच्या रविवारी लेकीला काम होतं, म्हणून आम्ही दोघंच निघालो. केल्सला थांबलो. स्कॉटलंडजवळच्या आयोना बेटावरच्या भिक्षूंनी व्हायकिंगांच्या हल्ल्यांना कंटाळून नवव्या शतकाच्या आरंभी इथे मठ बांधला. बुक ऑफ केल्स या शुभवर्तमानांच्या जुन्या सचित्र हस्तलिखितामुळे गावाचं नाव सगळ्यांना माहीत, ते पुस्तक मात्र डब्लिनला ट्रिनिटी कॉलेजात. बाजारातल्या क्रूसाचे हाल झालेले. इंग्रजांविरुद्धच्या १७९८ च्या उठावातल्या बंडखोरांना त्यालाच फाशी दिलं असं सांगतात, आणि १९९६ मध्ये एका वाहनाने त्याला धडक दिली. आता तो जुन्या कोर्टाच्या इमारतीपाशी छपराखाली उभा आहे, तालुक्याच्या कोर्टात तारखेची वाट बघत बसलेल्या म्हाताऱ्यासारखा.

मला केल्समध्ये आवडला तो चर्चच्या आवारातला अर्धवट क्रूस. एका बाजूला क्रूसावरचा येशू कोरून झालाय, बाकीच्या चौकटी नुसत्या उठावाने सोडलेल्या, कोऱ्या. आधी ढोबळ आकार, मग चौकटींचे उंचवटे, मग त्या उंचवट्यातून माणसं बाहेर काढायची, हा क्रम तिथे उघडा पडलाय. काम का थांबलं असेल? पैसे संपले, कारागीर गेला, हल्ला झाला? आमच्या शेजारी एका बंगल्याचा वरचा मजला २२ वर्षं तसाच उभा आहे, भावाभावांच्या भांडणात. मला तरी तेच कारण पटतं.

मग मोनास्टरबॉइस. ड्रोहेडाजवळ, मोटरवेपासून आत वळलं की एक अरुंद रस्ता, आणि झाडांमागे टोक मोडलेला गोल मनोरा. १०९७ मध्ये हा मनोरा आतल्या पुस्तकांसकट जळाल्याची नोंद जुन्या बखरींत आहे. तिकीट नाही, रांग नाही, दालन नाही. गावाचं कब्रस्तान, अजून वापरातलं. ताज्या फुलांच्या शेजारी दहाव्या शतकातला दगड. पाऊस पडत होता. इकडे त्या भुरभुरीला 'सॉफ्ट डे' म्हणतात. आमच्याकडे त्याला कपडे न वाळण्याचा दिवस म्हणतात.

या वेळी मी आधी सगळ्या पाट्या वाचल्या. दोनदा. मग क्रूसाकडे गेले.

म्युरेडाखचा क्रूस साडेपाच मीटर उंच. पलीकडचा पश्चिमेचा क्रूस याहून उंच, आयर्लंडमधला सगळ्यांत उंच म्हणतात, पण तो बराच झिजलाय. म्युरेडाखचा तसा ठसठशीत. वालुकाश्मात इतकी बारीक कामं उतरतात हे बघून मी थक्क झाले. पूर्वेच्या बाजूला खाली आदम आणि हव्वा, फळांनी वाकलेल्या झाडाखाली, त्यांना खेटूनच त्यांचा मुलगा काइन आपल्या भावाला, हाबेलला, मारतोय. वर कड्याच्या मधोमध निवाड्याचा दिवस. एका हाताला वीणेसारखं वाद्य वाजवणारा दावीद आणि तरलेले लोक, दुसऱ्या हाताला सैतान त्रिशूळ घेऊन पापी माणसांना हाकलतोय. खाली देवदूत मिखाएल तराजूत जीव तोलतोय. तराजू बघून जावई म्हणाले, "आई, तुमचं खातं." मी हसले नाही, पण मनात हसले.

पश्चिमेच्या बाजूला येशूच्या अटकेची चौकट आहे. दोन्हीकडचे शिपाई लांब मिशांचे, हातात तलवारी. येशूच्या अंगावर लांब झगा, त्यावर चक्क त्या काळच्या आयरिश सरदाराची असावी तशी मोठी पिन. बायबल कुठलं, यरुशलेम कुठलं, आणि माणसं सगळी इथली. आपल्या वीरगळांवर नाही का, स्वर्गात गेलेला वीर शिवपिंडीसमोर बसतो तोसुद्धा गावच्या पाटलासारखाच दिसतो. वीरगळ मात्र खालून वर सरळ वाचता येतो: लढाई, मग अप्सरा, मग पिंड. इथे तसा जिना नाही. चौकटीतून चौकटीत उड्या माराव्या लागतात आणि कथा आधीच ठाऊक असावी लागते.

आणि अगदी तळाशी, अक्षरांपाशी, दोन मांजरं. एकीच्या पंजांत पिल्लू आहे, ती त्याला चाटतेय. दुसरीच्या पंजांत पाखरू, आणि तिचा हेतू चाटण्याचा दिसत नाही. जावयांचं म्हणणं, दोघीही खातायत. यावर आमचा पावसात पाच मिनिटं वाद झाला. मांजरांजवळची अक्षरं जुन्या आयरिशमध्ये आहेत: हा क्रूस ज्याने करवून घेतला त्या म्युरेडाखसाठी प्रार्थना. हा म्युरेडाख म्हणजे ९२३ च्या सुमारास वारलेला इथला मठाधिपती, असं बहुतेकांचं मत. ज्याने घडवला त्याचं नाव कुठेच नाही. अभ्यासक बिचारे त्याला 'म्युरेडाख मास्टर' म्हणतात, म्हणजे कारागिराला मालकाचंच नाव.

एवढ्यात मागून आवाज आला, "हात पाहिलात का?"

उंच, वाकलेले, ऐंशीच्या घरातले आजोबा. एका हातात कुंडी, दुसऱ्यात प्लास्टिकची पिशवी. बायकोच्या थडग्यावरची फुलं बदलायला दर रविवारी येतात, हे त्यांनी नंतर सांगितलं. मी म्हटलं, कुठला हात? त्यांनी मला दंडाला धरून क्रूसाच्या अगदी खाली, आडव्या भुजेखाली उभं केलं. "वर बघा."

वर बघितलं तर डोळ्यांत पाऊस. आजोबांनी पिशवी माझ्या कपाळावर छत्रीसारखी धरली आणि जावयांना मोबाईलचा दिवा तिरपा लावायला सांगितला. भुजेच्या खालच्या अंगाला, समोरून बघणाऱ्याला कधीच दिसणार नाही अशा जागी, एक पंजा कोरलेला. देवाचा हात. पाचही बोटं सरळ, खाली आपल्या डोक्यावर धरलेली.

"पाऊस तिथे पोचत नाही," आजोबा म्हणाले. "म्हणून अजून नीट आहे."

बाहेरच्या चेहऱ्यांची नाकं गेलीत, डोळे बुजलेत. ते बघताना तासभर मी मनात म्हणत होते की यालाही आत न्या, काचेत ठेवा, दिवे लावा, फरशी घाला, मला काही वाटलं नाही तरी चालेल. आणि हा हात मात्र वर भुजेच्या आडोशाला सुका बसलेला. मठातल्या लोकांना तो माहीत असणार, मान्य. पण चार हात उंचावर, उलटं लटकून बघावं अशा जागी त्या माणसाने बोटांची पेरंसुद्धा चुकवली नव्हती. कॅशमध्ये आम्ही गड्डीच्या वरची आणि खालची नोट चांगली लावायचो, फाटक्या सगळ्या मधे. मी पण लावल्यात.

मी किती वेळ वर बघत होते माहीत नाही. हात जोडायचे राहूनच गेले, कारण एका हाताने क्रूसाला धरलं होतं, तोल जाऊ नये म्हणून. आजोबांची पिशवी गळत होती, पाणी माझ्या मानेतून पाठीवर उतरत होतं. ते काहीच बोलत नव्हते. बहुधा याच जागी त्यांनी आधीही कुणाकुणाला उभं केलं असेल. पलीकडे त्यांची कुंडी पावसात कलंडली होती. ती सरळ करायला गेले ते तिथेच रमले, निरोपबिरोप काही नाही.

फोटो एकही धड आला नाही. तिरप्या दिव्यात सगळे पिवळे डाग.

मून गावचा ग्रॅनाइटचा क्रूस राहिला, त्यावरचे चौकोनी अंगाचे बारा शिष्य फक्त पोस्टकार्डावर पाहिले. शेवटचा आठवडा मी सर्दीत घालवला. त्या रविवारी रात्री मान अशी आखडली की डावीकडे बघायला सगळं अंग वळवावं लागत होतं. लेक अमृतांजन चोळत होती. तिने विचारलं, "हा तरी खरा होता ना गं?"

म्हटलं, या वेळी आधी पाटी वाचली होती.