वाण्याची उधारी

जुने कागद दुरुस्त करणं हे माझं काम. 'मजकूर वाचत बसू नका, कागद वाचा,' असं आमच्या सरांनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं. मी ते इतकं मनावर घेतलं की एकदा चांगलीच फजिती झाली.

ऐंशी ओलांडलेले एक पारशी काका चिकटवही घेऊन आले. त्यातल्या एकाच पानाशी त्यांना मतलब होता. बपईच्या, म्हणजे त्यांच्या आजीच्या, निधनाचं गुजराती कात्रण. ते सुटत आलं होतं आणि पानाचा खालचा कोपरा कसरीने फस्त केला होता. "एवढा चिकटवून दे ना, दिकरा."

नीट चिकटवायचं तर आधी पूर्ण सोडवावं लागतं. कडेने ओलसर ब्लॉटिंग ठेवलं, जुनी खळ मऊ होऊ दिली आणि पातळ पाती सरकवली. खाली दुसराच कागद! लिखाण पेन्सिलीचं होतं, म्हणून जीव भांड्यात पडला. शाई असती तर पाण्याने फुटली असती. ९७, ८०, ६१ असे आकडे, बाजूला ३४ आणि ७. मी नोंदवहीत लिहून टाकलं : 'पेन्सिल, हिशेब. बहुधा वाण्याची उधारी.'

आमचा सहायक पोरगा रविवारी आझाद मैदानावर पडीक असतो. तो वाकून बघत राहिला. वर पुसट इंग्रजीत 'व्हर्नन' लिहिलेलं त्याला दिसलं.

"मॅडम, वाणी नाही हा. पावरी आहे!"

मग काम राहिलं बाजूला. जानेवारी १८९०, बॉम्बे जिमखान्याचं मैदान, म्हणजे ह्याच्या आझाद मैदानाला लागूनच. व्हर्ननचा इंग्रज संघ दौऱ्यावर एकही सामना न हरता आलेला. त्यांच्या ९७ धावा, पारशांच्या ८०. दुसऱ्या डावात मेहेलाशा पावरीने ३४ धावांत ७ गडी टिपले आणि साहेब ६१ मध्ये आटोपले. जिंकायला हव्या होत्या ७९. त्या दौऱ्यात व्हर्ननचा संघ हरला तो एवढाच सामना.

पावरी नवसारीचा, जन्म १८६६चा, पेशाने डॉक्टर. पारशी संघाच्या १८८८च्या इंग्लंड दौऱ्यात त्याने १७० बळी घेतले, १८९५ मध्ये इंग्लंडच्या मिडलसेक्स कौंटीकडून एक सामनाही खेळला. त्याला भारताचा डब्ल्यू. जी. ग्रेस म्हणत. ग्रेस म्हणजे त्या काळचा इंग्लंडचा सर्वांत गाजलेला क्रिकेटपटू. तोही डॉक्टर आणि कागदोपत्री हौशी, म्हणजे पैशांसाठी न खेळणारा. पण १८९१-९२च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यासाठी ह्या हौशी गृहस्थाने ३,००० पौंड घेतले, वर बायकामुलांचा खर्च वेगळा. असली हौस कोणाला नको? ही तुलना पावरीला मानाची वाटली असेल, मला मात्र ती त्याच्यावर थोडी अन्यायाचीच वाटते.

आता प्रश्न होता, वर काय ठेवायचं? पोरगा म्हणाला, अर्थात स्कोअर. पण वही काकांची आणि त्यांना हवी होती बपई. शेवटी जपानी टिश्यूची बारीक पट्टी गव्हाच्या खळीने कात्रणाच्या एकाच कडेला लावली. कात्रण दारासारखं उघडायचं, आत सामना.

एक भानगड उरली होती. शेवटी '७९' लिहिलं होतं आणि पुढचा, किती गडी बाद झाले तो आकडा कसरीने खाल्लेल्या कोपऱ्यात गेला होता. "सहा, मॅडम. चार गडी राखून जिंकले," असं म्हणत पोरगा पेन्सिल घेऊन सरसावला. मी त्याच्या हातावर चापटी मारली. गेलेला मजकूर आम्ही भरत नाही. भोकामागे कोरा टिश्यू लावला, बस.

काका न्यायला आले तेव्हा त्यांना कात्रण उचलून दाखवलं. आजोबांचं अक्षर त्यांनी लगेच ओळखलं. तेव्हा ते शाळेत असणार, म्हणाले. बराच वेळ आकड्यांवरून बोट फिरवलं, मग कात्रण अलगद खाली केलं आणि हसले.

"बपईला क्रिकेटचा लई राग होता. गेल्यावर पण बघ, वरतीच बसली."