नाणेघाटाच्या दोन्ही बाजूंनी

नववीच्या वर्गात वली पर्वत (थर चुरगळून उभे राहिलेले) आणि गट पर्वत (भेगांमधला जमिनीचा तुकडा वर उचलला जाऊन झालेले) शिकवून झाले की कुणीतरी विचारतंच, "बाई, मग आपला सह्याद्री कशात बसतो?" मला हा प्रश्न फार आवडतो. जुन्नरच्या शाळेत बसलेल्या मुलाने शिवनेरीकडे बघून हेच विचारायला हवं.

माझं माहेर मुरबाड तालुक्यात, नाणेघाटाच्या पायथ्याशी, आणि सासर जुन्नरचं. माहेरच्या अंगणातून पूर्वेला पाहिलं की काळी भिंतच उभी दिसते. पावसाळ्यात तिचं टोक ढगात जातं. सासरहून त्याच भिंतीकडे निघालं तर मात्र चढ असा लागतच नाही. चावंड किल्ला मागे पडतो, घाटघरपर्यंत भातखाचरं लागतात, आणि मग पायाखालची जमीन एकदम संपते. लग्नानंतर सासऱ्यांबरोबर मी पहिल्यांदा नाणेघाटाच्या माथ्यावरच्या नानाच्या अंगठा या कड्यावर गेले, तेव्हा खाली माझ्या माहेरचा सगळा मुलूख पसरलेला होता. लहानपणापासून मी ज्याला डोंगर म्हणत आले, ती देशावरच्या पठाराची कड आहे, हे तिथे कळलं.

हिमालयाची गोष्ट वेगळी. भारताचं भूपट्ट आशियाला जाऊन भिडलं आणि मधल्या टेथिस समुद्राच्या तळाचा गाळ चुरगळून वर आला. देवघरातला गंडकीचा शाळिग्राम म्हणजे त्याच समुद्रात राहणाऱ्या प्राण्याचा जीवाश्म. आपल्याकडे असं काही चुरगळलेलं नाही. नाणेघाटाशेजारच्या जीवधन किल्ल्याच्या कड्याकडे नीट बघा. थरावर थर, भाकरीच्या चवडीसारखे, जवळजवळ आडवे. शेजारी सुटा उभा असलेला वानरलिंगीचा सुळकाही त्याच थरांचा. मधला खडक झिजून गेला, सुळका राहिला.

हे थर लाव्ह्याचे. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यांतून लाव्हा वाहत राहिला. "बाई, ज्वालामुखीचं तोंड कुठंय?" असं मुलं विचारतात. फुजीयामासारखा शंकू इथे शोधायचा नाही. तो पातळ लाव्हा दूरवर पसरत गेला, थिजला, आणि त्यावर पुढचा आला. आज झिजून उरलेला पसाराही सुमारे पाच लाख चौरस किलोमीटर आहे. दोन थरांच्या मध्ये काही ठिकाणी विटकरी लाल मातीचा पट्टा दिसतो, तो मुलांना मी हात लावून बघायला सांगते. तिथे लाव्हा थांबला होता. वरचा खडक ऊन-पावसात कुजून त्याची माती झाली, आणि पुढच्या लाव्ह्याने ती भाजून काढली. काळ्या थराला उष्णता लागते, पण त्या लाल पट्ट्याला वेळ लागलेला आहे, म्हणून माझा जीव त्याच्यावर जास्त.

चवडीच्या तळाशी काय आहे, तेही आता माहीत आहे. कोयनेच्या भूकंपांचा अभ्यास करण्यासाठी तिथे तीन किलोमीटर खोल विवर खोदलं, तेव्हा सुमारे सव्वा किलोमीटर बेसॉल्ट, म्हणजे थिजलेल्या लाव्ह्याचा काळा खडक, लागला आणि त्याखाली थेट ग्रॅनाइटसारखा अतिप्राचीन खडक. लाव्हा येण्याआधीची जमीन ती.

मग कडा कसा झाला? सेशेल्सचा तुकडा भारतापासून सुटला, पश्चिमेची बाजू खचली आणि तिथे समुद्र आला. उघड्या पडलेल्या त्या कडेला पावसाने खायला सुरुवात केली. कडा तेव्हापासून मागे, पूर्वेकडे सरकतो आहे, आणि त्याने सोडलेली जमीन म्हणजे कोकण. माहेरच्या बाजूला याचा पुरावा हाताशी आहे. गोरखगड आणि मच्छिंद्रगड, आणखी पश्चिमेला माथेरान, प्रबळगड. हे सगळे एके काळी पठाराचेच भाग होते. कडा मागे गेला, ते तिथेच राहिले. जमिनीवरचं ओझं झिजून कमी झालं की पृथ्वीचं कवच सावकाश वर येतं, त्यामुळे घाटमाथ्याची उंचीही टिकून राहिली. "कशात बसतो?" याचं मी देते ते उत्तर असं: लाव्ह्याने रचला, पावसाने कोरला, आणि उरला तो सह्याद्री. एका चौकटीत बसवण्याचा हट्ट मी मुलांना सोडायला लावते.

पाण्याचंही तसंच. घाटमाथ्यावर पडलेला पाऊस कड्याच्या पलीकडे गेला तर उल्हासच्या खोऱ्यातून अरबी समुद्राला मिळतो. अलीकडे राहिला तर कुकडीतून घोड, भीमा, कृष्णा करत बंगालच्या उपसागरापर्यंत जातो. नाणेघाटातून कोकणचा समुद्र जवळ, तरी आमच्या कुकडीने दुसरी वाट धरली आहे.

हे झिजणं संपलेलं नाही, आणि मला बोलायचं आहे ते खरं तर याच्याबद्दल. माळशेजमध्ये दरड आली की माझं माहेर लांब जातं, एवढ्यावर ते थांबत नाही. ३० जुलै २०१४ ला शेजारच्या आंबेगाव तालुक्यात माळीण गाव डोंगराच्या मातीखाली गेलं. दीडशेहून अधिक माणसं गेली. कडा वर्षाला किती सरकतो ते डोळ्यांना दिसत नाही, पण उतारावरची भिजलेली माती एका सकाळी सगळी खाली येऊ शकते. माझ्या वर्गात डोंगराकडेच्या वाड्यांवरची मुलं असतात. धडा संपला की मी त्यांच्याकडून पाठ करून घेते: घरामागच्या उताराला नवी भेग पडली, झरा एकाएकी गढूळ झाला किंवा आटला, झाडं नि खांब कलले, भिंतीला चिरा गेल्या, दारं अडकायला लागली, तर पाऊस थांबायची वाट बघायची नाही. आजीला, गुरांना घेऊन उताराच्या वाटेतून बाजूला निघायचं, आणि वाडीतल्या प्रत्येक घराला हाक मारत निघायचं.