‘डी’ की ‘पी’: एका अक्षरावर मी का अडून बसते

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितेय. आपण मेडिकल कोडर: अमेरिकेतल्या रुग्णांचे चार्ट, म्हणजे उपचारांच्या नोंदी, वाचून प्रत्येक दुखण्याला आयसीडी-१० या आजारांच्या यादीतला कोड देणं हे आपलं काम. फ्रॅक्चरच्या कोडचं सातवं, शेवटचं अक्षर उपचार कुठवर आले आणि हाड कसं जुळलं ते सांगतं. प्रत्येक नव्या बॅचमधलं कुणी ना कुणी हे विचारतंच: "ताई, हाड जुळलंय ना? प्लास्टर निघालं ना? मग शेवटी डी टाकला काय आणि पी टाकला काय, एवढं काय अडलं?" आजवर मी नियमाचं पान उघडून दाखवायची आणि वेळ मारून न्यायची. नियम खरा आहे, पण माझ्या अडून बसण्याचं कारण तेवढंच नाही.

सातवं अक्षर काय असतं ते तुम्हाला पुन्हा शिकवत नाही. ए म्हणजे ‘पहिल्यांदा आला’ नव्हे, ए म्हणजे उपचार अजून चालू आहेत, एवढं घोकून घेतलंय मी तुमच्याकडून. डी म्हणजे नीट भरून येतंय, जी म्हणजे उशिरा, के म्हणजे जुळलंच नाही, आणि पी म्हणजे जुळलं पण वाकडं. प्लास्टर काढल्याची नोंद दिसली की हात आपोआप डीकडे जातो. माझाही जायचा. तासाला ठरलेले चार्ट संपवायचे असतात, आणि डी टाकल्यावर कुणी जाब विचारत नाही.

मोठ्या माणसाचं हाड वाकडं जुळलं तर ते तेवढंच वाकडं राहतं. मुलाचं तसं नाही. हाडाच्या टोकाशी कुर्चेची जी पातळ चकती असते, आपण जिला ग्रोथ प्लेट म्हणतो, तिथूनच हाड लांब होतं. हाताच्या रेडियस या हाडाची ७५ ते ८० टक्के वाढ मनगटाजवळच्या एकट्या चकतीतून होते. टोरांटोच्या साल्टर आणि हॅरिस या डॉक्टरांनी १९६३ मध्ये या चकतीच्या फ्रॅक्चरचे पाच प्रकार मांडले, आणि त्यातले पहिले चार आपल्या कोडमध्ये पाचव्या जागेवर येऊन बसलेत. दुसरा प्रकार सगळ्यात जास्त दिसणारा. एस५९.२२२पी. मनगटाजवळचा रेडियस, प्रकार दुसरा, डावा हात, वाकडं जुळलेलं. ही सात अक्षरं मी झोपेतही सांगेन, आणि त्यांतली शेवटची दोन मला नको तितकी पाठ आहेत.

तीन वर्षांपूर्वीची वासी उत्तरायण, म्हणजे संक्रांतीचा दुसरा दिवस, पतंगांचाच. वडोदऱ्याच्या दांडिया बाजारात दादाचं घर आहे, गच्च्या एकमेकींना लागून. आदल्या दिवशी मी तिथेच होते, उंधियू आणि जिलबी खाऊन घरी परतले होते. दुसऱ्या दिवशी दुपारी कटलेला पतंग पकडायला माझा भाचा पाण्याच्या टाकीच्या कट्ट्यावरून उडी मारायला गेला आणि डाव्या तळव्यावर पडला. बारा वर्षांचा होता. संध्याकाळपर्यंत हाड ओढून जागेवर बसवलं, प्लास्टर घातलं. डॉक्टरांनी सांगितलं होतं, आठ दिवसांनी एक्स-रे फोटो काढून दाखवायला या. ते इस्पितळ कुठलं, हे मी सांगणार नाही. त्याने काही बदलत नाही.

दादा नवव्या दिवशी गेला. मोठे डॉक्टर त्या दिवशी नव्हते. हाताखालच्याने फोटो पाहिला आणि म्हणाला, ठीक आहे, तीन आठवड्यांनी प्लास्टर काढू. वहिनीने तो फोटो ट्यूबलाइटसमोर धरून मोबाइलने टिपला आणि मला पाठवला. कडेला दादाचा अंगठा आला होता. वरच्या बाजूला ट्यूबची पांढरी रेघ. समोरून काढलेल्या फोटोत काही वावगं नव्हतं. बाजूने काढलेल्यात मात्र हाडाचं टोक मागे सरकलं होतं, टोपी मागे ढकलावी तसं. मी चार वर्षं फिजिओथेरपी शिकलेय. अशी मनगटं मी हाताळलीत. मी तो फोटो दोन बोटांनी मोठा केला, पुन्हा लहान केला, पुन्हा मोठा केला.

दादाचा फोन आला. "बरोबर आहे ना गं?"

मी म्हटलं, "डॉक्टरांनी बघितलंय ना? मग मी काय सांगणार? मी कोडर आहे, दादा."

हेच वाक्य मी ऑफिसात दिवसातून दहा वेळा म्हणते. तुम्हालाही तेच शिकवते: डॉक्टरांनी लिहिलेलं नाही ते आपण लिहायचं नाही, आपण निदान करत नाही. तिथे ते सोळा आणे खरं आहे. दादाला ते म्हटलं तेव्हा मात्र मी तोंडात गुळणी धरून बसले होते, आणि मला ते कळत होतं. दादा म्हणाला, बरं झालं, तू पाहिलंस म्हणजे काळजी नाही. मी काही पाहिलंय असं म्हटलंच नव्हतं. पाहिलं नाही असंही म्हटलं नव्हतं.

प्लास्टर निघालं तेव्हा मनगटाची पाठ वर आलेली होती, पालथ्या चमच्यासारखी. वहिनी त्यावर हात फिरवत राहिली. दुसऱ्या डॉक्टरांकडे नेलं. ते म्हणाले, आता पुन्हा ओढाताण करायची नाही, चकतीला इजा होईल. या वयात हाड वाढता वाढता पुष्कळ सरळ होतं, वाट पाहू. वाट पाहिली. वाकडेपणा खरंच बराच कमी झाला. पण वर्षभराने नवा फोटो काढला तेव्हा चकतीचा काही भाग बंद झालेला दिसला. रेडियस मागे पडत होता आणि शेजारचं हाड, अल्ना, आपल्या वेगाने वाढत होतं. करंगळीच्या बाजूला मनगटावर आता टेंगूळ दिसतं आणि मूठ अंगठ्याकडे कलते.

आता तुम्ही म्हणाल, म्हणून ताई पी साठी भांडते. इतकं सरळ असतं तर बरं झालं असतं.

माझी बाजू मला मांडू द्या. चकती बंद पडणं बहुतेक वेळा पडण्याच्या क्षणीच ठरलेलं असतं, पेशी तिथेच चिरडतात. नवव्या दिवशी मी ओरडले असते, दादा धावत गेला असता आणि कुणी पुन्हा हाड ओढलं असतं, तर त्या ओढण्यानेच चकती गेली असती असंही शक्य आहे. आठ-दहा दिवसांनंतर पुन्हा बसवू नये असंच सर्जन मानतात. म्हणजे मी गप्प बसले म्हणून हात वाकडा झाला, असं कुणालाही सिद्ध करता येणार नाही. हे मी स्वतःला इतक्यांदा सांगितलंय की आता ते वाचून दाखवल्यासारखं वाटतं. कारण त्या दिवशी हा हिशेब माझ्या डोक्यात नव्हताच. माझं चुकलं तर काय, ही भीती तेवढी होती. फिजिओ सोडून पाच वर्षं झाली होती. मोठ्या सर्जनच्या इस्पितळाने ठीक म्हटलंय आणि मी कोण, ट्यूबलाइटवरचा फोटो पाहून बोलणारी? तेव्हाची मी आजही माझ्याशी भांडते. म्हणते, तुझं ते कामच नव्हतं. मी म्हणते, एवढं तरी म्हणायचं होतं, दादा, मोठ्या डॉक्टरांना एकदा दाखव. त्यात कुठलं निदान होतं? यावर ती गप्प बसते. मग म्हणते, तुला आज शहाणपण सुचतंय. तेही खरंच आहे.

त्यानंतर मी कामात एक चूक केली, तीही सांगते, म्हणजे माझं सगळंच बरोबर होतं असं वाटायला नको. एका मुलाच्या चार्टमध्ये (तपशील बदललेत) रेडिओलॉजिस्टने कोन नोंदवला होता आणि सर्जनने लिहिलं होतं, ‘जुळलं आहे, थोडा कोन राहिला आहे.’ मी सरळ पी टाकला. ऑडिटमध्ये चूक धरली गेली. मी तिथे तावातावाने वाद घातला, मला तो चमच्यासारखा हात दिसत होता. पण ऑडिटर बरोबर होती. थोडा कोन म्हणजे वाकडं जुळलेलं की मान्य मर्यादेतलं, हे सर्जनने ठरवायचं असतं. मुलांच्या मनगटात बराच कोन चालवून घेतात, तो भरून निघतो. मी माझ्या भाच्याचं निदान एका अनोळखी मुलाच्या हातावर चिकटवलं होतं.

तेव्हापासून मी पी टाकत नाही, मी विचारते. डॉक्टरांना प्रश्न पाठवायचा, त्यात त्यांच्याच नोंदी, तारखा, अंश लिहायचे, आणि पर्याय मोकळे ठेवायचे. प्रश्नातच उत्तर कोंबायचं नाही. प्रश्न पाठवला की चार्ट अडकतो, तासाचा आकडा घसरतो, आणि टीम लीड माझ्याकडे बघते. बघू दे. आणि चकती बंद पडली असेल तर एकट्या पी वर थांबू नका, हेही याच ओघात लक्षात ठेवा. त्याचे कोड वेगळे आहेत, एम८९.१ मध्ये. वाकडं जुळणं वेगळं, वाढ थांबणं वेगळं, आणि एकाच मुलाच्या हातात दोन्ही असू शकतं. ३० सप्टेंबर २०१५ पर्यंत अमेरिकेत वाकड्या जुळलेल्या सगळ्या हाडांना ७३३.८१ हा एकच आकडा होता, मनगट असो की मांडी. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये आजही एम८४.० एवढंच आहे. सातवं अक्षर अमेरिकेच्या आवृत्तीतलं. मी रोज समुद्रापलीकडच्या मुलांच्या हातांना नेमकं नाव मिळावं म्हणून भांडते, आणि माझ्या भाच्याच्या इथल्या केसपेपरवर बॉलपेनने दोन शब्द आहेत: ‘फ्रॅक्चर, जुनं.’

दादाला मी अजून सांगितलेलं नाही की मला त्या दिवशी दिसलं होतं. त्याने हे वाचलं तर त्याला कळेल. कदाचित म्हणूनच लिहितेय. नक्की माहीत नाही.

भाचा आता पंधराचा आहे. रविवारी येतो, माझ्या टेबलावर दोन्ही हात शेजारी शेजारी ठेवतो आणि मी टेपने मोजते. डावा कोपरापासून अंगठ्याच्या बाजूने आखूड भरतो. गेल्या वेळी त्याने विचारलं, "आत्या, याचा कोड काय गं?" मी कागदावर लिहून दिला: एम८९.१३४, आणि त्याखाली एस५९.२२२एस. शेवटचा एस म्हणजे जुन्या इजेचा मागे राहिलेला परिणाम.

"डावा म्हणजे दोन ना? मग वर चार का?"

"खालच्यात डावा म्हणजे दोन. वरच्यात डावा आणि अर्धवट थांबलेला, म्हणून चार."

त्याने कागदाची घडी करून खिशात ठेवली. पुढचा फोटो जूनमध्ये काढायचाय. या वेळी मी बरोबर जाणार आहे.