रविवार रात्र : जॉर्ज देलरू

आज फ्रेंच दिग्दर्शक त्रुफोचा 'डे फॉर नाइट' पुन्हा पाहिला. सिनेमा कसा बनतो यावरचाच सिनेमा. त्यात दिग्दर्शकाला संगीतकाराचा फोन येतो : धून तयार आहे, ऐक. फोनवर धून वाजत राहते आणि दिग्दर्शक ऐकता ऐकता टपालाने आलेली सिनेमाची पुस्तकं एकेक करून टेबलावर टाकत जातो. फोनवरचा तो आवाज या चित्रपटाचा खरा संगीतकार, खुद्द जॉर्ज देलरूचा. कथा पुढे सरकत नाही, तरी सगळ्या चित्रपटात मला हाच प्रसंग सर्वांत आवडतो.

देलरू उत्तर फ्रान्समधल्या रुबे या कापडगिरण्यांच्या गावचा, जन्म १९२५चा. शाळा लवकर सुटली, कारखान्यात लागला, जोडीला क्लॅरिनेट चालू. पुढे पॅरिसच्या संगीतशाळेत संगीतकार दार्यूस मियोकडे शिकला. १९६०पासून त्रुफोबरोबर जमलं ते त्रुफोच्या शेवटच्या, १९८३च्या चित्रपटापर्यंत.

पण माझा जीव अडकलाय तो देलरूने फ्रेंच दिग्दर्शक गोदारच्या 'ल मेप्री'ला (१९६३) दिलेल्या संगीतात. नवरा-बायकोचं फाटायच्या आधीच व्हायोलिनं शोक करू लागतात. गोदार तीच धून पुन्हापुन्हा आणतो, मध्येच कापतो, वाक्यांवर चढवतो. तरी ती झिजत नाही. आणि इटलीत दाखवलेल्या आवृत्तीत निर्मात्याने ती काढून पिएरो पिचिओनी या दुसऱ्या संगीतकाराचं संगीत लावलं! तीस-बत्तीस वर्षांनी अमेरिकन दिग्दर्शक स्कोर्सेसीने मात्र तीच धून उचलून 'कसिनो'त वापरली. लास व्हेगासच्या गुंडांनाही ती शोभली, याचं मला अजून नवल वाटतं.

१९८०च्या दशकात देलरू लॉस एंजेलिसला राहायला गेला. ऑस्कर आधीच मिळालं होतं, 'अ लिटल रोमान्स'साठी. गोड चित्रपट आहे, पण देलरू ऐकायला मी कुणाला तिथून सुरुवात करायला सांगणार नाही. हॉलिवूडने त्याला काम भरपूर दिलं, मानही दिला, पण डिस्नेने एका चित्रपटाचं त्याचं आख्खं संगीत बाजूला ठेवून जेम्स हॉर्नर या दुसऱ्या संगीतकाराकडून नवं करून घेतलं. 'प्लॅटून' या युद्धपटात लोकांच्या लक्षात राहिला तो अमेरिकन संगीतकार बार्बरचा 'अदाजिओ', आधीपासूनच गाजलेली रचना. देलरूने लिहिलेलं बरंचसं मागे पडलं. अशा आधीच गाजलेल्या तयार संगीताशी स्पर्धा करायला लावणं हा संगीतकारावर अन्यायच.

मार्च १९९२मध्ये एका चित्रपटाचं रेकॉर्डिंग आटोपल्यावर थोड्याच वेळात तो गेला. वय ६७. त्याआधी लंडनमध्ये ऑर्केस्ट्रा घेऊन त्याने आपल्या निवडक चित्रपटसंगीताचं नव्याने रेकॉर्डिंग केलं होतं. डिस्नेने नाकारलेलं संगीतही त्यात घातलं, वाद्यवृंदासमोर स्वतः उभं राहून.